वाचकांचे प्रश्न : मिरी, मरवा आणि न्यूरेंबर्गची चढण

मागच्या अंकात न्यूरेंबर्गच्या जुन्या शहरातल्या चालत-चाखत फेरीबद्दल लिहिलं होतं. आमचा मुलगा बेळगावच्या उद्यमबागेतल्या एका कारखान्यात हात काळे करून शिकला आणि पुढं जर्मनीत एर्लांगेनला नोकरीला गेला. मे-जूनमध्ये आम्ही दोघं त्याच्याकडं राहिलो. एर्लांगेनहून न्यूरेंबर्ग रेल्वेनं वीस-पंचवीस मिनिटांवर. एका शनिवारी दहा-बारा अनोळखी माणसांसोबत, साठीतल्या एका वाटाड्या बाईंच्या मागून, तीन तास ते शहर चालत, थांबत, खात पाहिलं. त्यावर बरीच पत्रं आली. शहापूरच्या घरात जेवणाच्या टेबलावर ती पसरून बसले आहे. सगळ्यांना उत्तर देणं जमणार नाही. ज्यात पुष्कळांचा प्रश्न आहे ती पत्रं घेते.

खानापूरच्या एक वाचक भगिनी लिहितात : ताई, आमचं घर माळकरी. सुनेच्या बाळंतपणासाठी जर्मनीला जायचं आहे. मुलगा म्हणतो, तुमच्यासाठी असली फेरी ठरवतो. पण सॉसेज आणि बिअरच्या गावात आम्ही हातात काय घेऊन उभं राहायचं? तुमचे मालकही माळकरी आहेत असं लिहिलंत. त्यांनी काय केलं?

ताई, निघायच्या आधी महिनाभर आमच्या घरातही हाच विषय होता. ह्यांच्या गळ्यात तुळशीची माळ आहे. अंडंसुद्धा चालत नाही. मी मटण-मासे खाते, त्यामुळं काळजी सगळी ह्यांची.

फेरीचं बुकिंग करतानाच लिहून कळवा, ऐनवेळी नको. आणि नुसतं ‘शाकाहारी’ असं लिहू नका. तिथं शाकाहारी म्हणजे अंडं चालणारा. ‘मांस, मासे, अंडी, दारू नको, दूध, लोणी, चीज चालेल’ असं एकेक नाव घालून लिहा. आमच्या मुलानं तसं लिहिलं होतं, म्हणून वाटाड्या बाईंनी ह्यांच्यासाठी प्रत्येक ठिकाणी वेगळी बशी सांगून ठेवली होती. शाकाहाऱ्याला हाताची घडी घालून बाजूला उभं राहावं लागेल ही भीती मनातून काढून टाका.

पण एक सांगितलंच पाहिजे. फेरीच्या दोन दिवस आधी आम्ही एका खाणावळीत बसलो होतो. ह्यांच्यासाठी बटाट्याची कोशिंबीर मागवली. बटाट्यात काय असणार, असं मला वाटलं. त्या भागात, फ्रँकोनियात, उकडलेल्या बटाट्याच्या चकत्यांवर गरम रस्सा, व्हिनेगर आणि तेल घालून ती करतात, आणि तो रस्सा बहुतेक वेळा मांसाचा असतो. ह्यांनी दोन चमचे खाल्ल्यावर मुलाला शंका आली, त्यानं वाढणाऱ्या मुलीला विचारलं, तिनं सरळ सांगितलं. ह्यांनी चमचा खाली ठेवला, पाणी प्यायले, कुणाला एक शब्द बोलले नाहीत. त्या रात्री उशिरापर्यंत हरिपाठ म्हणत होते. मला फार लागलं ते. तिथल्या लोकांचा त्यात काही दोष नाही, त्यांचा तो रोजचा पदार्थ आहे. विचारायला आम्ही हवं होतं.

म्हणून हे पाठ करून जा. खाण्याच्या यादीवर अंडं, दूध, शेंगदाणा, मोहरी अशा चौदा गोष्टींची सूचना देणं युरोपात कायद्यानं बंधनकारक आहे, त्यामुळं अंडं कळतं. पण मांसाचा रस्सा आणि चरबी त्या चौदांत येत नाहीत. त्यासाठी तीन शब्द विचारायचे : फ्लाइशब्र्यूहे म्हणजे मांसाचा रस्सा, श्पेक म्हणजे डुकराच्या मांसाचे खारवलेले तुकडे, श्माल्त्स म्हणजे चरबी. आंबवलेला कोबी, म्हणजे त्यांचं साउअरक्राउट, ऐकायला लोणच्यासारखं वाटतं, पण शिजवताना त्यात श्माल्त्स किंवा श्पेक पडण्याची शक्यता मोठी. ब्रेत्सेल नावाच्या त्या गाठीच्या पावाच्या कणकेतही काही ठिकाणी श्माल्त्स असतं. बेकरीत विचारलं तर लगेच सांगतात, कुणी तोंड वाकडं करत नाही.

आता ह्यांनी काय खाल्लं ते. न्यूरेंबर्गच्या उत्तरेला क्नोब्लाउख्सलांड नावाचा मळ्यांचा पट्टा आहे. नावाचा अर्थ लसणाचा मुलूख. न्यूरेंबर्ग, फ्युर्थ आणि एर्लांगेन या तीन शहरांच्या मधोमध भाजीचे मळे. तिथली पांढरी शतावरी एप्रिलच्या मध्यापासून बाजारात येते आणि २४ जूनला, सेंट जॉनच्या सणाला, तिची तोडणी थांबवतात, म्हणजे पुढच्या वर्षासाठी झाडाच्या मुळात जोर राहतो. मातीचे उंच वरंबे करून कोंब उजेडाला येऊच देत नाहीत, म्हणून तो पांढरा राहतो. बाईंनी ह्यांच्यासाठी उकडलेल्या शतावरीवर पातळ केलेलं लोणी आणि सोबत बटाटे सांगून ठेवले होते. पिवळी हॉलंदेज सॉस मुद्दाम टाळली होती, कारण तीत अंड्याचा बलक असतो. ह्यांचा जन्म शेतकऱ्याच्या घरातला. कोंब बशीत घेऊन त्यांनी आधी बोटानं दाबून पाहिला, सोलल्याची कड पाहिली आणि मग मुलाला म्हणाले, “वरंबा किती उंचीचा घालतात विचार की.” बाईंनी हातानं गुडघ्याच्या खालची उंची दाखवली. तिथून पुढं त्या दोघांचं जमलं. भाषा एकालाही दुसऱ्याची येत नव्हती.

बिअरच्या ठिकाणी ह्यांना आपफेलशोर्ले दिलं, म्हणजे सफरचंदाचा रस आणि सोडा. कुणी आग्रह करत नाही, कुणी विचारतही नाही.

माझ्या बशीचंही विचारलंय दुसऱ्या एका पत्रात. न्यूरेंबर्गचं ब्राटवुर्स्ट, म्हणजे डुकराच्या मांसाचं सॉसेज, करंगळीएवढं असतं : सात ते नऊ सेंटिमीटर लांब, वजन वीस ते पंचवीस ग्रॅम. हे माप नियमात लिहिलेलं आहे, आणि २००३ पासून युरोपीय संघानं त्या नावाला संरक्षण दिलंय, म्हणजे शहराबाहेर केलेल्याला ते नाव लावता येत नाही. एवढं बारीक का? रात्री वेशी-दारं बंद झाल्यावर खानावळवाले किल्लीच्या भोकातून विकायचे, अशी गोष्ट तिथं सांगतात. ती गोष्टच आहे, पण त्या लोकांना लाडकी आहे. बीचच्या लाकडाच्या धगीवर भाजून, एका पावात तीन घालून देतात.

डुकराचं मांस मी आयुष्यात खाल्लं नव्हतं. एक घास घेतला आणि थांबले. धुराच्या मागून एक वास आला, तो माझ्या ओळखीचा होता, पण खाण्यातला नव्हता. दोन क्षण कळेना. मग लक्षात आलं : मरवा! अबोलीच्या गजऱ्यात मधेमधे हिरवा मरवा घालून देतात ना आपल्याकडं, तो. बाईंनी सांगितलं, मायोरान. याच्याशिवाय आमचं ब्राटवुर्स्ट होतच नाही. मी डोक्याला हात लावून, हे आम्ही केसात माळतो असं खुणेनं सांगितलं, तर त्यांनी पाव हातात धरूनच मला मिठी मारली. देव्हाऱ्यात, वेणीत असणारा मरवा चारशे-पाचशे कोसांवर नाही, सातासमुद्रापार माणसं मांसात घालतात. तेव्हापासून गजरा घेताना मला ती गल्ली आठवते.

निपाणीहून एक निवृत्त शिक्षक विचारतात : ते शहर दुसऱ्या महायुद्धात बेचिराख झालं होतं असं मी मुलांना शिकवलं आहे. मग तुम्ही पाहिलंत ते सगळं नव्यानं बांधलेलंच ना? नकलेसाठी एवढ्या लांब जावं का?

गुरुजी, तुम्ही शिकवलंत ते खरं आहे. २ जानेवारी १९४५ च्या संध्याकाळी ब्रिटिश विमानांनी तासाभरात जुन्या शहराचा जवळजवळ नव्वद टक्के भाग पाडला. अठराशेच्या वर माणसं गेली. आज दिसतात त्या उतरत्या छपरांच्या कित्येक भिंती नंतर उभ्या केलेल्या आहेत. बाजारचौकातलं शोनर ब्रुनेन, ते एकोणीस मीटर उंच, चाळीस पुतळ्यांचं सोनेरी कारंजं, १३८५ ते १३९६ मध्ये बांधलं होतं; आता चौकात आहे ती शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी केलेली प्रतिकृती. मूळ दगडांचे तुकडे तिथल्या जर्मन राष्ट्रीय संग्रहालयात ठेवलेत. हे काहीच ती माणसं लपवत नाहीत. आमच्या बाईंनी पहिल्याच थांब्यावर, सेंट लॉरेन्स चर्चच्या दारात, ढिगाऱ्याचे फोटो हातात दिले आणि म्हणाल्या, हे आधी बघा, मग मान वर करा.

पण तुम्हाला जुनं हवं असेल तर ते पायाखाली आहे. किल्ल्याचा डोंगर वालुकाश्माचा. ११ नोव्हेंबर १३८० ला शहराच्या पंचांनी ठराव केला की ज्याला बिअर करून विकायची आहे त्यानं स्वतःचं तळघर खोदलंच पाहिजे, दहा पावलं खोल आणि सोळा पावलं रुंद. पाऊल म्हणजे तेव्हाचं मोजमाप, साधारण एक फूट. तिथली लाल बिअर थंडाव्यातच आंबते आणि थंडाव्यातच टिकते. बर्फाची यंत्रं नव्हती, तेव्हा थंडावा दगडातच मिळायचा. पिढ्यान्पिढ्या खोदत गेले, आणि डोंगराच्या पोटात एकाखाली एक अशी तळघरं झाली. बाहेर जूनचं ऊन होतं. आम्ही दगडी पायऱ्या उतरलो तसं अंगावर गार येत गेलं. आत वर्षभर आठ ते बारा अंश असतं. मी भिंतीवर तळहात टेकवला. छिन्नीचे तिरके घाव एकाशेजारी एक, बोटांना मोजता येतील असे. आणि दगड ओला. ही नक्कल नाही, गुरुजी.

तिथं बाईंनी लाल बिअरचे छोटे पेले वाटले. दारू मी घेत नाही, नुसता वास घेतला. भाजलेल्या पावाच्या कडेसारखा होता. आणि मग त्यांनी सांगितलं की १९४५ च्या त्या संध्याकाळी माणसं याच तळघरांत बसली होती. बिअरसाठी खोदलेल्या बोगद्यांनी हजारो जीव वाचवले. जवळच दुसऱ्या एका तळघरात, चोवीस मीटर खोल, शहराची मोलाची कलाकृती लपवून ठेवली होती. त्यात मार्टिन बेहाइमचा पृथ्वीगोल होता, जगातला आज शिल्लक असलेला सर्वांत जुना. १४९२ ते १४९४ मध्ये केलेला, म्हणून त्यावर अमेरिकाच नाही. वर्गात मुलांना दाखवायला याहून चांगली वस्तू नाही. आता तो संग्रहालयात पाहायला मिळतो.

अजून एक गोष्ट तुम्हाला लिहावीशी वाटते. तो देखणा बाजारचौक, जिथं नाताळचा जगप्रसिद्ध बाजार भरतो, तिथं पूर्वी ज्यूंची वस्ती होती. १३४९ च्या डिसेंबरात ती जाळली, निदान ५६२ माणसं मारली, आणि सिनेगॉगच्या, म्हणजे त्यांच्या प्रार्थनास्थळाच्या, जागी सम्राट चौथ्या चार्ल्सच्या आज्ञेनं फ्राउएनकिर्खे हे चर्च उभं राहिलं. रोज दुपारी बारा वाजता त्या चर्चच्या घड्याळात सात राजनिर्वाचक, म्हणजे सम्राट निवडणारे सरदार, सम्राटाभोवती फेऱ्या घालतात. सगळे फोन वर करून बघत होते. फेऱ्या संपल्यावर बाईंनी हे सांगितलं. तीन तासांच्या फेरीत प्रत्येक थांब्यावर काही ना काही खायला दिलं, पण त्या चौकात त्यांनी काहीही दिलं नाही. आम्ही थोडा वेळ गप्प उभे राहिलो आणि पुढं गेलो.

जी माणसं आपल्या शहराबद्दल असं बोलू शकतात त्यांच्यासोबत चालण्यासाठी लांब जावं, असं मला मनापासून वाटतं. नाझी पुढाऱ्यांवरचा १९४५-४६ चा खटला जिथं चालला ती सहाशे क्रमांकाची न्यायदालनाची खोली आणि नाझी मेळाव्यांचं मैदान या फेरीत नाही. त्यासाठी वेगळा दिवस काढा. खाण्यासोबत ते पाहू नका.

चिकोडीहून : आमचं वय सत्तर, गुडघे दुखतात. जमेल का?

जमेल. सगळी फेरी मिळून दोन-तीन किलोमीटरची असते आणि मधे बसायला मिळतं. अडचण अंतराची नाही, दगडांची आहे. रस्ते गोट्यागोट्यांच्या फरसबंदीचे, आणि शेवटचा भाग किल्ल्याकडं चढत जातो. कोल्हापुरी चप्पल तिथं घालू नका, मी सांगते. जाड तळव्याचे, चार दिवस आधी घरात वापरलेले बूट हवेत. तळघरासाठी स्वेटर. जिना नको वाटत असेल तर आधी सांगून वरच थांबा, बाई कुणाला ओढत नाहीत. काठी घेऊन जा, तिथं काठी घेऊन फिरणारी म्हातारी माणसं रस्त्यात जागोजाग दिसतात, आणि गाड्या त्यांच्यासाठी थांबतात.

भाषेचं तिघांनी विचारलंय. इंग्रजीतल्या फेऱ्या मिळतात, तेवढं पुरतं. शनिवारी गेलात तर न्यूरेंबर्ग परिसराचं दिवसाचं तिकीट रविवारीही चालतं, हे लक्षात ठेवा. रविवारी दुकानं मात्र बंद. थोडी रोख रक्कम जवळ ठेवा.

बेळगावातली एक कॉलेजकन्या : मावशी, तुम्ही लिहिलंत की बाईंनी हातावर मिरी ठेवली आणि तुम्हाला घर आठवलं. पुढं काहीच लिहिलं नाहीत! मिरीचा त्या शहराशी काय संबंध?

बाळा, जागा संपली म्हणून ते राहिलं. खरं तर त्याच्यासाठीच सगळा लेख लिहिला होता. आता सविस्तर सांगते.

सेंट झेबाल्ड चर्चच्या मागच्या गल्लीत एका जुन्या व्यापाऱ्याच्या घराच्या दारात आम्ही थांबलो. बाईंनी खांद्यावरच्या पिशवीतून एक कापडी थैली काढली आणि प्रत्येकाच्या तळहातावर दोन मिरी, एक लवंग आणि दालचिनीचा बारीक तुकडा ठेवला. म्हणाल्या, हे शहर यावर उभं आहे. सगळ्यांनी वास घेतला. मी मिरी दाताखाली धरली.

न्यूरेंबर्गला समुद्र नाही. नदी आहे, पेग्निट्स, पण ती जहाजं चालतील अशी नाही. आजूबाजूची जमीन रेताड. तरीही सम्राटांच्या काळात युरोपातल्या मोठ्या व्यापारी शहरांत त्याचं नाव होतं, कारण युरोपातले कितीतरी रस्ते तिथं एकमेकांना भेटायचे. मलबारची मिरी अरबी व्यापाऱ्यांच्या जहाजांतून तांबड्या समुद्रात, तिथून अलेक्झांड्रियाला, मग व्हेनिसला. व्हेनिसमध्ये जर्मन व्यापाऱ्यांची स्वतःची मोठी वखार होती. तिथून खेचरांवर लादून आल्प्स ओलांडून न्यूरेंबर्गला. आपल्याकडं श्रीमंताला सावकार म्हणायचे तसं तिथल्या बड्या व्यापाऱ्याला लोक फेफरझाक म्हणायचे, म्हणजे मिऱ्याचं पोतं! मसाल्याची पत इतकी मोठी की भेसळीला माफी नव्हती. १४४४ मध्ये केशरात भेसळ केली म्हणून एका व्यापाऱ्याला भेसळीच्या केशरासकट जाळलं होतं.

मग वास्को द गामा आला, तो १४९८ चा धडा तू शाळेत शिकली असशील. त्यानंतर सातच वर्षांनी, १५०५ मध्ये, अल्मेडाचा मोठा पोर्तुगीज ताफा भारताकडं निघाला, तेव्हा त्याच्या खर्चात जर्मन व्यापाऱ्यांचा पैसा होता; त्यांत न्यूरेंबर्गची इम्होफ आणि हिर्शफोगेल ही घराणी होती. म्हणजे ज्या जहाजांनी आपल्या किनाऱ्यावर तोफा आणल्या, त्यांच्या शिडाच्या कापडात या गल्लीतल्या घरांचे पैसे विणलेले होते. हे ऐकताना माझ्या हातात अजून दुसरी मिरी होती.

मला राहवलं नाही. मी मुलाला म्हटलं, यांना सांग, आमच्या शेजारच्याच जिल्ह्यात मिरी होते. उत्तर कन्नडात, शिरसीकडं सुपारीच्या झाडांवर तिचे वेल चढवतात. सोळाव्या शतकात तिथं गेरसोप्प्याला एक राणी राज्य करायची, चेन्नभैरादेवी. पोर्तुगीज तिला ‘राइन्या दा पिमेंटा’ म्हणायचे, मिरीची राणी. पोर्तुगीजांशी ती भांडली, तहही केले, आणि भटकळ-होन्नावरच्या बंदरांतून व्यापार चालवला. बाई ऐकत होत्या. त्यांना ते नाव माहीत नव्हतं. त्यांनी पिशवीतून वही काढली आणि मला म्हणाल्या, तुमच्या लिपीत लिहा. मी देवनागरीत ‘चेन्नभैरादेवी’ लिहिलं, खाली मुलानं रोमन लिपीत. इतकी वर्षं त्या ती मिरी लोकांच्या हातावर ठेवत होत्या, आणि गोष्ट नेहमी व्यापाऱ्याच्या दारापासून सुरू व्हायची. त्या म्हणाल्या, पुढच्या शनिवारपासून वेलापासून सुरू करीन.

हातावरची मिरी मात्र आपली नव्हती. मी विचारलं तर बाईंनी हसून पाकीट दाखवलं : व्हिएतनामची. आज जगात सर्वांत जास्त मिरी तिथं होते. दुसऱ्या दिवशी मी माझ्या मिसळणाच्या डब्यातली, खडे बाजारातून नेलेली शिरसीची मिरी कागदात बांधून मुलाकडं दिली, त्यानं ती बाईंना पोचवली.

आता दालचिनी-लवंगेचं. ते मसाले तिथल्या लेबकुखनमध्ये जातात. लेबकुखन म्हणजे मसाल्याची मऊ गोड बिस्किटवडी म्हण. न्यूरेंबर्गच्या कागदपत्रांत १३९५ मध्येच लेबकुखनवाल्याचा उल्लेख आहे. मध शहराभोवतीच्या राजवनातला. त्या जंगलाला सम्राटाची मधमाश्यांची बाग म्हणायचे. तिथल्या उत्तम प्रकाराला एलिझेन म्हणतात आणि त्याला नियम आहे : बदाम, अक्रोड, हेझलनट निदान पंचवीस टक्के, पीठ दहा टक्क्यांच्या आत. पीठ जवळजवळ नाही म्हटल्यावर गोळा पत्र्याला चिकटणारच, म्हणून खाली कागदासारखी पांढरी पापडी ठेवून वर तो थापतात. मी एक अर्धा मोडून पाहिला. आत तपकिरी, ओलसर, संत्र्याच्या सालीचे तुकडे चमकत होते. तोंडात टाकला तर डिंकाच्या लाडवात लवंग जास्त पडल्यासारखं वाटलं, आणि मग हळूहळू वेलची. बहुतेकांत अंडं असतं. ह्यांच्यासाठी बाईंनी बिनअंड्याचा, व्हेगान शिक्क्याचा आणला होता. ह्यांनी तो खाल्ला आणि अर्धा नातवासाठी रुमालात बांधला.

आणि एक गंमत सांगते, मग थांबते. किल्ल्याच्या पायथ्याला चित्रकार आल्ब्रेख्त ड्यूररचं घर आहे. १५०९ पासून १५२८ ला मरेपर्यंत तो तिथं राहिला. त्याचं १५१५ चं गेंड्याचं चित्र तू कुठं ना कुठं पाहिलं असशील, चिलखत घातल्यासारखा गेंडा, पाठीवर एक जादा शिंगुटं. ड्यूररनं तो गेंडा कधीच पाहिला नाही. गुजरातच्या सुलतानानं तो पोर्तुगीजांना दिला, त्यांनी गोव्याहून जहाजात घालून लिस्बनला धाडला, आणि तिथून आलेल्या पत्रावरून आणि रेखाटनावरून ड्यूररनं काढला. चोर्ला घाट उतरलं की गोवा. त्या घराच्या दारात उभी राहून मला असं वाटलं की आपल्या भागाची कितीतरी पत्रं या शहरात येऊन पडली आहेत, उचलायला कुणी आलं नाही एवढंच.

टिळकवाडीचे एक वाचक : असं काही आपल्या बेळगावात करता येणार नाही का?

दादा, परत आल्यापासून माझ्या डोक्यात हेच आहे. करता येईल, आणि आम्ही दोघांनी वाट चालून पाहिली आहे.

किल्ल्यापासून सुरुवात. १२०४ मध्ये रट्टांच्या राज्यात बिचिराज या अधिकाऱ्यानं तो बांधला आणि आतली कमल बस्ती, म्हणजे जैन मंदिर, तीही त्याचीच. बस्तीत छताखाली दगडाचं उलटं कमळ लोंबतंय. त्याच्याखाली उभं राहून मान वर केली की काही बोलावंसं वाटत नाही. किल्ल्यातच साफा मशीद आणि रामकृष्ण आश्रम. स्वामी विवेकानंद १८९२ मध्ये बेळगावात येऊन राहिले होते, ते तिथं सांगायचं. मग खाली खडे बाजार, गणपत गल्ली. तिथं कुंदा. पण नुसता डबा उघडून द्यायचा नाही. कढईजवळ उभं करायचं, दूध आटत-आटत रवाळ कसं होतं आणि साखर जळू न देता तांबूस कधी करायची ते करणाऱ्यानं सांगायचं, आणि मग चमचाभर, कोमट. रताळ्याच्या दिवसांत गेलं तर मार्केटमधली पोती दाखवायची. एकादशीला आणि शिवरात्रीला आपली रताळी कुठं-कुठं जातात ते हमालांइतकं कुणाला ठाऊक नाही. फुलवाल्या मावशीकडं मरव्याची एक काडी प्रत्येकाच्या हातात.

कपिलेश्वराला दर्शन घेऊन रेल्वेच्या पुलावरून शहापुरात उतरायचं. नव्या पोरांना हे माहीतच नसतं की स्वातंत्र्याआधी बेळगाव इंग्रजांचं आणि शहापूर सांगली संस्थानचं होतं, म्हणजे पूल उतरला की राज्य बदलायचं. आपण सीमेवरची माणसं म्हणतो, पण ही दुसरी सीमा आपल्याच गावात होती आणि लोक भाजी आणायला ती ओलांडायचे. शेवट मांड्यांवर. पोळी हातांवर झेलत-झेलत रुमालाएवढी पातळ करून पालथ्या कढईवर टाकायची, पिठीसाखर, खवा, वेलची पसरून घडी घालायची. मराठीत सगळे मनात मांडे खातात. ते समोर होताना किती जणांनी पाहिलेत?

अंतर तीनेक किलोमीटर. ह्यांना जे खाता येणार नाही असं त्या वाटेवर काहीच नाही, हे त्यांनी स्वतः मोजून सांगितलं. वाटेत कन्नड बोलणारे येतील, उर्दू बोलणारे येतील. त्यांच्या घरच्या पदार्थांची आणि त्यांच्या आजीच्या गोष्टींची जागा मी अजून मोकळी ठेवली आहे, कारण ती त्यांनीच भरायची आहे. तशी माणसं ओळखीची असतील तर मला कळवा.

या महिन्याच्या शेवटच्या रविवारी सकाळी सात वाजता किल्ल्याच्या दारातल्या गणपतीपाशी आम्ही दोघं उभे असू. दहा-बाराच जण या, त्याहून जास्त झाले की गल्लीत ऐकू येत नाही. पैसे नाहीत, खाल्ल्याचे ज्यानं-त्यानं द्यायचे. आणि वेळेवर या. मांडे करणाऱ्या मावशींनी बजावलंय, दहाच्या आत आलात तर चुलीवर आहे, नंतर मी भाकऱ्या टाकायला घेते.